गाव साडेसहा हजारांचं, मैदान बावीस हजारांचं

गुरुवार, त्बिलिसी

भाचा इथे मेडिकलच्या पाचव्या वर्षाला आहे. त्याच्या इमारतीत मराठी पोरं इतकी, की सकाळी जिन्यात कुकरच्या शिट्ट्या ऐकू येतात. ईस्टरची सुट्टी होती, त्यामुळे त्याने मामासाठी बेत आखून ठेवला होता : काझबेगीचा बर्फ, सिघनाघीची वाइन. मी म्हटलं, "मला लांचखुतीला जायचंय."

"कुठं?"

पाच वर्षं जॉर्जियात राहून त्याने हे नाव ऐकलं नव्हतं. मी कोल्हापुरात नववीत असताना वाचलं होतं. त्या काळी सोव्हिएत मासिकांचे गुळगुळीत कागद वह्यांना कव्हर घालायला मिळायचे. माझ्या भूमितीच्या वहीवर १९८७च्या सोव्हिएत फुटबॉलचा गुणतक्ता आला होता. वर मॉस्कोचा स्पार्टाक, मध्ये कीव्ह, मिन्स्क, लेनिनग्राड, आणि सोळाव्या नंबरावर, अगदी तळाला, गुरिया, लांचखुती. म्हणजे क्लब गुरिया, गाव लांचखुती. वर्षभर ती वही दप्तरात होती. पायथागोरस विसरलो, लांचखुती लक्षात राहिलं.

तिकडे निघण्याआधी राजधानीचं स्टेडियम पाहून घेतलं. बोरिस पायचाद्झे यांचं नाव त्याला दिलंय. हा खेळाडू मूळचा लांचखुतीच्याच, म्हणजे गुरिया प्रांतातला. डिनामो त्बिलिसीचं हे घर. १३ मे १९८१ रोजी ड्युसेलडॉर्फला कार्ल झाइस येनाला २-१ हरवून डिनामोने युरोपचा कप विनर्स कप आणला, ते साल इथे अजून जन्मतारखेसारखं सांगतात. २०२४च्या मार्चमध्ये याच मैदानात ग्रीसला पेनल्टीवर हरवून जॉर्जिया पहिल्यांदा युरो स्पर्धेत गेला. भाचा त्या रात्री रस्त्यावर होता. त्याच्या मोबाइलमधला व्हिडिओ नुसता हलतोय, आवाज फाटलाय, पण त्याने तो मला दोनदा दाखवला.

संध्याकाळी रुस्तावेली रस्त्याने चालत आलो. ९ एप्रिल १९८९ला पहाटे संसदेसमोर बसलेल्या निदर्शकांवर सोव्हिएत सैन्य घातलं गेलं. वीसच्या आसपास माणसं गेली, त्यांत बायका आणि पोरीच जास्त. तिथल्या स्मारकाजवळ फुलं होती. ही तारीख मुद्दाम लिहून ठेवतोय, कारण लांचखुतीच्या फुटबॉलची गोष्ट हिच्याशिवाय लागत नाही.

शुक्रवार, कुताइसी

दिदुबेच्या स्टँडवरून मार्शुत्का पकडली. मार्शुत्का म्हणजे आपलं वडाप, फक्त टपावर माणसं नाहीत. भरली की सुटते. सुरामीला ड्रायव्हरने न विचारता गाडी थांबवली आणि सगळ्यांनी न विचारता नाझुकी घेतली. ही मनुका आणि दालचिनी घातलेली गोडसर, तंदूरमधली रोटी. गरम होती तोवर उत्तम. पुढे रिकोतीच्या घाटात नवे बोगदे, शेवटी कुताइसी.

आज गुड फ्रायडे, इथल्या भाषेत 'लाल शुक्रवार'. घरोघरी अंडी लाल रंगवतात, तीही एंद्रो नावाच्या मुळाच्या पाण्यात उकळून. बाजारात मुळाच्या जुड्या पाहिल्या. आपल्या मंजिष्ठेच्याच कुळातलं झाड. शेजारी ताटलीत उगवलेला कोवळा हिरवागार गहू विकायला होता. भाचा म्हणाला, "मामा, घट बसवल्यागत वाटतंय की!" वाटायलाच हवं. तेच ते धान, फक्त मध्ये कलश नाही, लाल अंडी.

बगरातीचं चर्च पाहिलं, गेलातीचा मठ राहिला. तोर्पेदोचं स्टेडियम बाहेरूनच. ते आता फुटबॉलपटू रमाझ शेंगेलियाच्या नावाने आहे. कुताइसीत सोव्हिएत काळात ट्रकचा कारखाना होता, मोठं औद्योगिक शहर. इथला तोर्पेदो क्लब १९८६ साली सर्वोच्च विभागातून खाली घसरला. त्याच वर्षी खालच्या विभागातून वर चढला तो तासा-दीड तासावरच्या लांचखुतीचा गुरिया. कुताइसीकरांना कसं वाटलं असेल? सांगलीचा संघ खाली आणि कुंडलचा वर, असं काहीतरी.

शनिवार, लांचखुती

सामत्रेदियाला गाडी बदलली. मिलानकडून खेळलेला काखा कालाद्झे या गावचा, आता तो त्बिलिसीचा महापौर आहे. तिथून पुढे हवाच बदलते. दमट, ढगाळ, अंगणात घरं लाकडाच्या खांबांवर उचललेली, द्राक्षाच्या वेली झाडांवर चढवलेल्या. कोकणात मिरी चढवतात तशा.

ड्रायव्हरने आम्हाला गावाच्या अलीकडेच उतरवलं. पाऊस सुरू. छत्री माझ्या बॅगेत, बॅग टपावर, टप पुढे. ड्रायव्हर शंभर मीटरवर जाऊन लक्षात आल्यावर मागे आला आणि वर आमच्यावरच ओरडला. गुरियातली माणसं तापट, बोलायला भरभर आणि विनोदी, अशी सगळ्या जॉर्जियात ख्याती. तापट आणि भरभर हे दोन अनुभव पहिल्या पाच मिनिटांत आले. सणामुळे खाणावळी बंद. खोली ज्यांच्याकडे घेतली होती त्यांचा फोन लागेना. शेवटी बाजारात एका म्हातारीने नाव ऐकून हाताने दिशा दाखवली.

यजमान साठी ओलांडलेले. पूर्वी चहाच्या कारखान्यात फिटर होते. गुरिया म्हणजे चहाचा प्रांत. सोव्हिएत युनियनमध्ये पिकणारा बहुतेक चहा जॉर्जियाचा असायचा. नव्वदीत ती बाजारपेठ गेली आणि मळे रानात गेले. भाचा त्यांना 'बातोनो' म्हणतो, म्हणजे आपलं 'साहेब' किंवा 'राव'. बायकोने म्चादी आणि लोबियो वाढलं. मक्याची जाड भाकरी आणि घेवड्याची उसळ. भाचा पिझ्झ्याच्या पिढीतला, पण तीन भाकऱ्या खाऊन उठला.

जेवण झाल्यावर मी वहीच्या कव्हराची गोष्ट सांगितली. भाषांतर पूर्ण व्हायच्या आत बातोनो उठले, काचेच्या कपाटातून एक बोटभर जाडीची पुस्तिका आणली. १९८७च्या सामन्यांचं वेळापत्रक, खिशात मावेल एवढं. कडा मऊ झालेल्या. प्रत्येक सामन्यापुढे जांभळ्या पेन्सिलीने गोल लिहिलेले. काही ठिकाणी पेन्सिल इतकी दाबलेली की पान मागून उठलंय. ती जिंकलेली पानं असणार, असा मी अंदाज केला. चूक. ती शेवटच्या मिनिटाला गमावलेली होती.

पाऊस थांबल्यावर स्टेडियमवर गेलो. नाव एवग्राफी शेवर्दनाद्झे स्टेडियम. एडुआर्ड शेवर्दनाद्झे यांचे हे भाऊ. एडुआर्ड जन्मले याच तालुक्यातल्या मामातीत, १९२८ साली. १९७२ ते ८५ जॉर्जियाच्या कम्युनिस्ट पक्षाचे प्रमुख, मग गोर्बाचोव्हचे परराष्ट्रमंत्री, पुढे स्वतंत्र जॉर्जियाचे अध्यक्ष. स्टेडियमची क्षमता पुस्तकात बावीस हजार दिलेली आहे. २०१४च्या जनगणनेत गावची वस्ती साडेसहा हजाराच्या आत. त्या काळी थोडी जास्त असेल. तरी अख्खं गाव, तान्ह्या पोरांसकट बसवलं तरी अर्ध्याहून जास्त पायऱ्या मोकळ्या राहायच्या.

पण राहायच्या नाहीत, असं बातोनो सांगतात. ओझुर्गेती, चोखातौरी, पोती, सगळीकडून माणसं यायची. चहा तोडणाऱ्या बायका दुपारीच येऊन बसायच्या. ब्लोखिन आणि बेलानोव्हचा कीव्ह, आदल्याच वर्षी युरोपचा कप विनर्स कप जिंकलेला. चॅम्पियन होणारा स्पार्टाक. झेनित. अशा संघांशी गावाची गाठ. ज्या गावात चांगलं हॉटेल नव्हतं त्या गावाची. सोव्हिएत सर्वोच्च विभागात खेळलेलं हे सर्वांत लहान गाव, असं इथे ठामपणे सांगतात, आणि यादी पाहिली तर खोडून काढता येत नाही.

मी विचारायचं ते विचारलंच. "शेवर्दनाद्झेंमुळे?"

भाच्याने भाषांतर करायला जरा वेळ घेतला. बातोनो हसले. मग म्हणाले, की पैसा, मैदान, खेळाडूंना घरं, हे कुणाच्या तरी मर्जीशिवाय त्या काळात कुठेच होत नव्हतं. मॉस्कोत लष्कराचा क्लब, पोलिसांचा क्लब, रेल्वेचा क्लब. मग एका प्रांताने आपल्या माणसाकडून थोडं घेतलं तर काय? "आणि मर्जीने वर चढवता येतं," ते म्हणाले, "वर राहता येत नाही. ते तुमच्या वहीवर आहेच."

खरं आहे. ३० सामने, सोळावा नंबर. पंधरावा कोण? सीएसकेए मॉस्को, लष्कराचा क्लब. इथून पुढची गोष्ट मला तिथेच पायरीवर बसून कळली. कळली म्हणजे, तुकडे मला माहीत होते, जोडले ते बातोनोंनी.

१९८६ : खालच्या विभागात पहिला सीएसकेए, दुसरा गुरिया. दोघे वर. १९८७ : वरच्या विभागात पंधरावा सीएसकेए, सोळावा गुरिया. दोघे खाली. १९८९ : पुन्हा पहिला सीएसकेए, पुन्हा दुसरा गुरिया. पुन्हा दोघे वर. चार वर्षं लष्कराचा मोठा क्लब आणि चहावाल्यांचं गाव एकाच दोराला बांधलेले, एक चढला की दुसरा चढतो, एक पडला की दुसराही.

आणि मग दोर तुटला. ९ एप्रिलनंतर जॉर्जियात सोव्हिएत नावाचं काहीच कुणाला नको होतं. फेब्रुवारी १९९० मध्ये जॉर्जियाच्या फुटबॉल संघटनेने सोव्हिएत स्पर्धांमधून बाहेर पडून स्वतःचं राष्ट्रीय साखळी फुटबॉल सुरू करायचं ठरवलं. डिनामो त्बिलिसी बाहेर, नाव बदलून इबेरिया. गुरिया बाहेर. सोव्हिएत सर्वोच्च विभाग सोळाचा चौदावर आला. विल्नियसचा जाल्गिरिसही सुरुवातीलाच निघून गेला आणि तेरा संघांतच ते वर्ष खेळलं गेलं. सीएसकेए मात्र राहिला. त्या वर्षी दुसरा आला आणि १९९१ला चॅम्पियन झाला. शेवटचा सोव्हिएत चॅम्पियन.

म्हणजे लांचखुतीने दुसऱ्यांदा मिळवलेली जागा कधी वापरलीच नाही. कुणी हिसकावली नाही, हरले नाहीत. मिळवली आणि ठेवून दिली.

मी पुस्तिकेकडे बोट करून विचारलं, "१९९०ची?" बातोनोंनी रिकामा तळहात पुढे केला.

"वाईट वाटलं?" हे भाच्याने स्वतःच विचारलं. मला विचारायला सुचलं नव्हतं, आणि सुचलं असतं तरी धीर झाला नसता. बातोनो म्हणाले, निर्णयाची बातमी आली तेव्हा कारखान्यात सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. घरी येऊन रडलो. बायकोने विचारलं कशाला रडतोस, तर सांगितलं, आनंदाने. तिने विश्वास ठेवला नाही. एवढं बोलून त्यांनी सिगारेट पेटवली आणि समोर पोरं खेळत होती त्यांच्यावर ओरडायला सुरुवात केली. डावा बॅक फार पुढे जातो म्हणे.

जॉर्जियाच्या पहिल्या साखळीचं उद्घाटन ३० मार्च १९९०ला झालं. पहिल्याच सामन्यात इबेरियाला पोतीच्या कोल्खेतीने १-० हरवलं. गावोगावी काय जल्लोष झाला असेल! राजधानीचा धनाढ्य क्लब, समुद्रकाठच्या गावाकडून. तरी विजेतेपद इबेरियाचंच. दुसरा गुरिया. आणि त्याच वर्षीचा कप गुरियाने जिंकला, अंतिम सामन्यात सोखुमीच्या त्स्खुमीला १-० हरवून. क्लबच्या कपाटातला सर्वांत मोठा चषक तोच. सोखुमीचं नाव निघाल्यावर बातोनो गप्प झाले. १९९२-९३च्या युद्धात अबखाझियातून लाखो जॉर्जियन माणसं परागंदा झाली, सोखुमी आज त्बिलिसीच्या ताब्यात नाही. त्या अंतिम सामन्यातला एक संघ खाली आला, दुसऱ्याचं शहरच गेलं.

पुढची वर्षं भराभर सांगून टाकतो, कारण त्यांनीही तशीच सांगितली. युद्ध, वीज नाही, चहा नाही, पगार नाही. क्लब वर-खाली होत राहिला, या शतकात अधूनमधून सर्वोच्च विभागात येऊनही गेला. सध्या तिथे नाही.

मी सगळ्यात वरच्या पायरीवर चढलो. पायऱ्यांच्या सांध्यांत शेवाळ. खाली सात-आठ पोरं, एकाच्या पाठीवर क्वारात्स्खेलिया, जॉर्जियाच्या आजच्या नामांकित खेळाडूचं नाव. पलीकडे हिरव्या टेकड्या. कोल्हापुरात शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि प्रॅक्टिसचा सामना असला की पाय ठेवायला जागा नसते, आणि आपण उगाच म्हणतो की असं वेड दुसरीकडे नाही. पण आमचं वेड कधी मॉस्कोला किंवा कलकत्त्याला जाऊन पंधराव्या नंबराशी झुंजलेलं नाही. तालमीतून निघून तालमीत परततं. जरा हेवा वाटला, लपवत नाही.

रविवार, शुखुती

मध्यरात्री चर्चमध्ये मेणबत्त्या, "क्रिस्ते आघ्स्दगा", येशू उठला. उत्तर द्यायचं, "खरंच उठला." सकाळी लाल अंडी एकमेकांवर आपटून फोडायची. बातोनोंच्या बायकोचं अंडं कुणालाच फुटेना. भाच्याला संशय आला, पण सासूच्या वयाच्या बाईला विचारणार कसं?

दुपारी शुखुतीला निघालो. याच तालुक्यातलं गाव. ईस्टरच्या रविवारी इथे लेलो हा चेंडूचा जुना खेळ खेळतात. बातोनो म्हणाले, आमचा फुटबॉल इंग्रजांच्या खलाशांनी पोतीच्या बंदरात आणला असं सांगतात, ठीक आहे, पण चेंडूसाठी एकमेकांना तुडवायचं आम्हाला कुणी शिकवलेलं नाही.

चेंडू आधी जवळून पाहिला. काळपट चामड्याचा, जाड टाके घातलेला, आत माती आणि भुसा ठासलेला, वरून वाइन ओतलेली. वजन सोळा किलो. भाच्याने उचलून पाहायला मागितला. छातीपर्यंत नेला आणि म्हणाला, "मामा, गॅसच्या रिकाम्या टाकीपेक्षा जड हाय." खाली ठेवल्यावर त्याच्या टी-शर्टवर ओल्या वाइनचा गोल उमटला. तो त्याने दिवसभर मिरवला.

वरचं शुखुती आणि खालचं शुखुती. दोन्हीकडे एकेक ओढा. चेंडू आपल्या ओढ्यापलीकडे नेला की जिंकलं. संघात किती माणसं? येतील तितकी. वेळ किती? लागेल तितका. रेफ्री? हे विचारल्यावर आजूबाजूचे चारजण हसले. मैदान म्हणजे गावातून जाणारा हमरस्ता, त्या दिवशी वाहनं बंद. शिवाजी पेठ आणि मंगळवार पेठ अख्खी रस्त्यावर उतरली, आणि मध्ये एकच पोतं, असं काहीसं.

पाद्रीबुवांनी चेंडूला आशीर्वाद दिला, गर्दीत सोडला, आणि त्यानंतर चेंडू मला तासभर दिसला नाही. दिसत होती ती वाफ. दोनशे-तीनशे माणसांचा एकच गोळा, त्यातून पावसात भिजलेल्या बैलांसारखी वाफ वर येत होती. गोळा दहा पावलं इकडे, मग कुंपण मोडून कुणाच्या तरी अंगणात. घरची म्हातारी ओसरीवरून ओरडत होती, पण कुंपणासाठी नव्हे, चेंडू उलट्या दिशेला चालला म्हणून. कुणी पडला की हात वर होतात, "माणूस, माणूस" असा ओरडा होतो आणि सगळा गोळा क्षणात थांबतो. पडलेल्याला बाहेर काढतात, पाणी पाजतात, तो परत आत जातो. नियम नाहीत म्हणतात, पण हा एक आहे, आणि तो मोडताना मी कुणाला पाहिलं नाही.

जॉर्जियाच्या रग्बी संघाला 'लेलो' म्हणतात ते यावरूनच. रग्बीत हा देश युरोपातल्या भल्याभल्यांना का घाम फोडतो, हे कळायला प्रशिक्षकाची गरज नाही, इथे तासभर उभं राहावं.

अंधार पडायच्या आधी चेंडू ओढ्यापलीकडे गेला. कुणी नेला? हरलेली बाजू बातोनोंच्या सासुरवाडीची होती, एवढंच लिहितो.

जिंकलेली माणसं चेंडू घेऊन दफनभूमीकडे गेली. यंदाचा विजय गावातल्या गेलेल्या माणसाला वाहायचा, चेंडू त्याच्या कबरीवर ठेवायचा. आम्ही मागून गेलो आणि फाटकापाशी थांबलो. आत फोटो काढायचा नाही हे कुणी सांगितलं नव्हतं, भाच्याने आपणहून मोबाइल खिशात टाकला. चिखलाने माखलेले, ओठ फुटलेले, एकाच्या अंगात शर्टच उरला नव्हता, असे पुरुष एका छोट्या कबरीभोवती उभे राहिले. कुणीतरी चेंडूवर अजून थोडी वाइन ओतली. मग गाणं सुरू झालं. तीन आवाजांचं, त्यातला वरचा आवाज कोंबडा आरवावा तसा टिपेला जाऊन तुटणारा. त्याला क्रिमांचुली म्हणतात. मघाशी ज्याला "माणूस, माणूस" करून बाहेर काढलं होतं, तोच वरचा आवाज लावत होता.

सोमवार, बातुमी

आज घरोघरची माणसं दफनभूमीत जाऊन कबरींवर लाल अंडी लोटतात. बातोनोही आईवडिलांकडे निघाले. आम्हाला स्टँडवर सोडताना त्यांनी कागदात बांधलेली म्चादी दिली आणि माझ्या हातात ती पुस्तिका ठेवली. मी नको म्हटलं. पाहायला दिली होती, घ्यायला नव्हे, हे भाच्याने कानात सांगितल्यावर दोघेही ओशाळलो. तेव्हा मी सगळ्या पानांचे फोटो काढले, त्यांनी पाठीमागे उभं राहून प्रत्येक पानावर काहीतरी सांगितलं आणि बातुमीची गाडी आमच्याशिवाय गेली.

दुसऱ्या गाडीने दुपारी पोचलो. समुद्राजवळ नवं स्टेडियम, २०२०चं, झगमगीत. युक्रेनचं युद्ध सुरू झाल्यावर क्वारात्स्खेलिया रशिया सोडून काही महिने इथल्या डिनामो बातुमीकडे खेळला, मग नापोलीला गेला. भाच्याने मोबाइलवर पाहून सांगितलं, क्षमता वीस हजार.

"म्हणजे लांचखुतीपेक्षा कमी," मी म्हटलं.

"मामा, आता सगळीकडं हेच करणार तुम्ही," तो म्हणाला, आणि कागद सोडून शेवटची भाकरी एकट्यानेच संपवली.